धोटा आणि आकडी

मी जन्माचा संशयी. कुणी फार गोड बोललं की आधी त्याच्या हातांकडे बघतो. पुढे आयुष्यभर कचेऱ्यांमधून लोकांच्या कामांची मोजमापं करण्यातच माझं पोट भरलं. कोणतं काम अवघड, कोणतं हलकं, कुणाला कोणती श्रेणी द्यायची, हेच सगळं. समोर कागद आला की त्यात काय लिहायचं टाळलंय ते मी पहिल्यांदा शोधायचो. साहेब लोक म्हणायचे, याची नजर तयार आहे. नजर कसली डोंबलाची! परळच्या एका गिरणीत, संयुक्त महाराष्ट्राच्या धामधुमीत, असा एक कागद माझ्याच हाताने लिहून झाला होता, आणि माझ्या थोरल्या भावाचं सगळं त्यावर अडकलं होतं. तेव्हापासूनची ही खोड आहे.

दादा त्या गिरणीच्या विणाई खात्यात बीम वाहायचा. बीम म्हणजे उभ्या धाग्यांचं सूत गुंडाळलेला भलामोठा रूळ. चौघांनी मिळून तो मागापर्यंत न्यायचा, चढवून द्यायचा आणि बाजूला व्हायचं. माग चालवायला आमच्या लोकांना मनाई होती. कुठे लिहिलेली नव्हती, पण होती. माग चालवणाऱ्याला मजुरी चांगली, चाळीत मान चांगला, मुलीला स्थळंही चांगली यायची. दादाला मागांची एक जोडी हवी होती. बाकी त्याने आयुष्यात काही मागितल्याचं मला आठवत नाही. बीम वाहता वाहता बघून बघून तो माग शिकलाही होता. एखादा विणकर विडी ओढायला गेला की "जरा लक्ष ठेव रे" म्हणून दादालाच उभं करायचा. तेवढ्या वेळात तुटलेला धागा सांधला तर कुणी काही बोलत नसे. धोट्याला मात्र हात लावायचा नाही.

सगळं घोडं त्या धोट्यापाशी अडलं होतं. आडवं सूत घेऊन मागात इकडून तिकडे धावतो तो लाकडी धोटा. त्याच्या पोटात सुताची कांडी असते. कांडी संपली की नवी घालायची आणि धाग्याचं टोक धोट्याच्या अंगातल्या बारीक भोकातून बाहेर काढायचं. ते काढायची रीत अशी की भोकाला ओठ लावायचे आणि श्वास आत ओढायचा. धागा पटकन ओठांवर येतो. एका मागावर पाळीपाळीने जेवढे विणकर उभे राहतात, ते सगळे त्याच धोट्यांना ओठ लावतात. तिथे दादाचे ओठ कुणाला नको होते.

गिरणीच्या दवाखान्यातल्या डॉक्टरने फार पूर्वी भिंतीवर पाटी लावली होती. धोट्याला तोंड लावू नये, कापसाची धूळ छातीत जाते, आकडी वापरावी. तारेच्या बारीक आकड्या वाटल्याही होत्या. त्या कुणी कान कोरायला वापरायचं, कुणी त्यात किल्ल्या अडकवायचं. आकडीने धागा काढायला वेळ लागतो, आणि विणकराची मजुरी कापडावर. कोण वापरणार?

जागा रिकामी झाली की दादा जॉबरकडे जायचा. खात्यात माणसं लावणं जॉबरच्या हातात. तो दरवेळी तेच सांगायचा, "माझं काय नाय रे. पण काम तोंडाचं आहे. लोक ऐकायचे नाहीत." आम्ही नुकतेच बौद्ध झालो होतो. आईने घरातले देव टोपलीत घालून समुद्रात सोडले होते. दादाला वाटलं, आता तरी याला वेगळं उत्तर शोधावं लागेल. जॉबरने नवं काही शोधायची तसदी घेतली नाही.

गिरणीच्या फाटकाबाहेर पडलं की मात्र निराळीच हवा. मोर्चे, सभा, भिंतीभिंतीवर चुन्याने लिहिलेल्या घोषणा. मुंबई आमची म्हणताना त्या 'आमची'त आम्हीही होतो. मी त्यावर कधी पुरता विश्वास ठेवला नाही, दादाने मात्र ठेवला. त्याला कारण होतं. फोर्टाकडे निघालेल्या एका मोर्च्यावर अश्रुधूर सुटला तेव्हा दादा भायखळ्याच्या पुढे कुठेतरी रस्त्यात आंधळा होऊन बसला. त्याच्या खात्यातल्या एका विणकराने आपला रुमाल नळाखाली भिजवला, दादाचं डोकं मांडीवर घेतलं आणि त्याचे डोळे पुसले. हा विणकर रत्नागिरीकडचा, आमच्याच खाडीच्या पलीकडच्या गावचा. सगळ्या खात्यात त्याच्याइतक्या झपाट्याने धोटा भरणारा दुसरा नव्हता. दादा ती डोळे पुसल्याची गोष्ट इतक्यांदा सांगायचा की मी चिडायचो.

"रुमाल पुन्हा वापरला का त्याने?" मी एकदा विचारलं.

"तुझ्या मनात किडे आहेत," दादा म्हणाला.

मी मॅट्रिक झालो होतो. कुणाच्या तरी ओळखीने त्याच गिरणीच्या कामगार कचेरीत हंगामी कारकून म्हणून चिकटलो. त्याच सुमारास मालकांनी एक नवा साहेब आणला. दादरचा, चष्मेवाला, बोलणं शुद्ध आणि हळू. गिरणीतल्या प्रत्येक कामाचं पृथक्करण करायचं, म्हणजे माणूस नेमकं काय काय करतो ते पायरीपायरीने लिहायचं, घड्याळ लावून बघायचं, मग कौशल्य, मेहनत, जबाबदारी यांना गुण द्यायचे आणि त्यावरून कामाची किंमत ठरवायची, असं त्याचं काम. लिहून घ्यायला त्याने मला बरोबर घेतलं. "आपण काम मोजतोय, माणूस नाही," तो सगळ्यांना सांगायचा. हे ऐकलं की लोक आणखीच सावध व्हायचे.

गिरणीत अफवांना ऊत आला. दोनाऐवजी चार माग एकाच्या गळ्यात मारणार. मुंबई महाराष्ट्राला मिळायच्या आत निम्मी माणसं घरी बसवून मालक मोकळे होणार. घड्याळात छुपा कॅमेरा आहे, असंही एकाने मला गंभीरपणे सांगितलं. मी साहेबाचा कान ठरलो. चहाच्या गाडीपाशी मी गेलो की बोलणं थांबायचं. मलाही साहेबाचा भरवसा नव्हता. पण हे सांगणार कुणाला?

बीम वाहणाऱ्यांचा कागद आधी झाला. साहेबाने दादाला उचलताना, वाहताना, चढवताना पाहिलं आणि मला सांगितलं, "कौशल्याच्या रकान्यात लिहा, विशेष लागत नाही." मी लिहिलं. दादाने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. साहेबाला आमचं नातं ठाऊक नव्हतं आणि मीही सांगायला गेलो नाही.

मग विणाई खात्याचे माग आले. साहेब स्टुलावर बसला, मी पाठीमागे पॅड घेऊन उभा. मागांचा आवाज असा की कानात बोटं घातली तरी दात हादरत राहतात. तिथे कुणी कुणाशी मोठ्याने बोलत नाही. ओठ हलवतात आणि समोरचा ते वाचतो. मी सगळीकडे ओठच बघत होतो, कारण मला संशय होता की काहीतरी ठरलंय.

ठरलं होतंच. कांडी संपली, विणकराने माग थांबवला, नवी कांडी धोट्यात घातली आणि खिशातून आकडी काढली. सावकाश भोकात घातली, धागा पकडला, बाहेर ओढला. पलीकडचा तसंच. त्याच्या पलीकडचाही. सगळ्या खात्यात एकाच्याही तोंडाला धोटा लागला नाही. तो रत्नागिरीवाला, खात्यातला सगळ्यात चपळ गडी, नव्या नवरीने सुईत दोरा ओवावा तसा नजर बारीक करून आकडी चालवत होता. साहेब खूश झाला. डॉक्टरची पाटी त्याने येताना वाचली होती.

खात्याबाहेर आल्यावर त्याने मला विचारलं, "नेहमी असंच करतात का हे?"

"मागावरचं काम मी पहिल्यांदाच बघतोय, साहेब," मी म्हणालो. आणि ते खरं होतं. आमच्या घरातल्या माणसाला मागांच्या ओळीत हक्काने उभं राहायला पहिल्यांदा मिळालं ते साहेबाच्या पाठीमागे.

साहेब जितके दिवस बसला तितके दिवस आकड्या चालल्या. त्याला चकवायची ही विणकरांची युक्ती होती. आकडीने काम हळू होतं, घड्याळात वेळ जास्त भरतो, मग ठरलेलं प्रमाण सैल राहतं आणि चार माग गळ्यात पडायचे टळतात. साहेब गेला की परत तोंडाने ओढायचं आणि जास्तीचं कापड काढायचं. गिरणीत अशा युक्त्या सगळेच करत आलेत, मला त्यात वावगंही वाटलं नाही.

घरी दादा जेवताना हसत होता. "सगळ्यांनी आकड्या शोधून काढल्या बघ. एकाने तर माझ्याकडे मागितली. मी म्हटलं, बाबा, मला कुठे दिली होती कुणी?" आई, वहिनी, सगळीच हसली. मग तो एकदम थांबला.

"तू काय लिहिलंस?"

"जे दिसलं ते."

"म्हणजे, धागा आकडीने ओढावा?"

"आकडीने."

"तोंडाचं कुठेच नाव नाही?"

"दिसलंच नाही तर कसं लिहिणार?"

त्याने घास ताटात ठेवला. त्या रात्री वहिनीने दोनदा विचारलं तरी तो पुढे जेवला नाही.

कागद पक्का झाला. विणकरांच्या पुढाऱ्यांनी तो दहा वेळा उलटसुलट वाचला आणि बिनबोभाट सह्या केल्या. वेळ त्यांना हवी तशी सैल बसली होती. मराठी तर्जुमा मीच केला आणि खात्याच्या दारातल्या बोर्डावर लावला. पुढे एक म्हातारा विणकर कोकणात कायमचा गेला आणि मागांची एक जोडी रिकामी झाली. पहिल्या पाळीची. त्याच मागांवर दुसऱ्या पाळीला तो रत्नागिरीवाला होता.

दादा धुतलेला शर्ट घालून जॉबरकडे गेला. मी मुद्दाम कसला तरी कागद हातात घेऊन तिथे घुटमळत होतो.

जॉबर म्हणाला, "तुला किती वेळा सांगू? काम तोंडाचं..."

"तोंडाचं कुठे राहिलंय?" दादा म्हणाला. "बोर्डावर वाचा. सगळ्यांच्या सह्या आहेत."

जॉबर वाचायला गेला नाही. त्याला पाठ होतं. तो माझ्याकडे मात्र असा बघत राहिला की जणू हे सगळं मीच घडवून आणलंय. आता आली का पंचाईत! तोंड लावावं लागतं म्हणावं, तर साहेब पुन्हा घड्याळ घेऊन बसणार आणि सैल वेळ हातची जाणार. लागत नाही म्हणावं, तर दादाला नाही म्हणायला जागा उरत नव्हती. खात्यात दोन दिवस कुजबुज चालली. शेवटी जॉबरने सगळं दुसऱ्या पाळीच्या त्या माणसावर ढकललं. धोटे त्याचे आणि याचे एकच राहणार, त्याची हरकत नसेल तर आपली नाही, म्हणाला.

रत्नागिरीवाला पंच्याने मान पुसत आला. दादाकडे बघून हसला. म्हणाला, "माझं काय नाय. कागदावर हाय तसा होऊ दे."

दादाला भरून आलं. घरी येऊन त्याने डोळे पुसल्याची गोष्ट पुन्हा पहिल्यापासून सांगितली, आणि या वेळी मी चिडलो नाही. पण 'माझं काय नाय' हे शब्द माझ्या कानात राहिले. जॉबर इतकी वर्षं नेमके हेच म्हणत आला होता.

पहिल्या दिवशी दादाने कांडी घातली, धोटा उचलला आणि सगळ्या खात्यासमोर त्याला ओठ लावले. आकडी त्याच्या खिशात होती, मीच दिली होती. त्याने ती काढली नाही. धागा ओठांवर आला तेव्हा त्याने इकडेतिकडे पाहिलंही नाही. माग सुरू केला. मला अभिमान वाटला, आणि लगेच भीतीही वाटली, कारण मी बाकीच्यांकडे बघत होतो. जो तो आपापल्या मागावर वाकला होता. बाकीचे सगळे केव्हाच तोंडावर परत आले होते.

दुपारी पाळी बदलली. पाळी बदलताना माग थांबत नाहीत, चालत्या मागावरून एकजण बाजूला होतो आणि दुसरा उभा राहतो. रत्नागिरीवाला उभा राहिला. कांडी संपली. त्याने धोटा घेतला, नवी कांडी घातली, आणि खिशातून आकडी काढली.

त्या दिवसापासून तो आकडीच वापरू लागला. सगळ्या गिरणीत कागदाबरहुकूम काम करणारा तो एकटा. त्याचं कापड कमी भरू लागलं, मजुरी घटली, तरी त्याने आकडी सोडली नाही. साहेब एकदा फेरीला आला तेव्हा बाकीचे घाईघाईने आकड्या चाचपू लागले, आणि साहेब त्याच्याकडे बोट दाखवून जॉबरला म्हणाला, "बाकीच्यांना हे का जमत नाही?"

मी घरी बोललो. दादाने मलाच झापलं. "डॉक्टरचं ऐकतो बिचारा. छातीला जपतो. तुला जगात चांगलं काही दिसतच नाही का?"

"तू यायच्या आधी छाती नव्हती का त्याला?"

"त्याने माझे डोळे पुसलेत," दादा म्हणाला. आणि खरं सांगायचं तर मलाही खात्री नव्हती. आकडी वापरणं बरोबरच होतं. भिंतीवर लिहिलेलं होतं, माझ्या कागदावर लिहिलेलं होतं. बरोबर काम करणाऱ्या माणसावर संशय घ्यायचा तरी कसा? मी रोज त्याचे हात बघायचो आणि रोज नुसताच परत यायचो.

मुंबईसह महाराष्ट्र झाला तेव्हा लालबागेत गुलाल उधळला, खात्यात पेढे वाटले. रत्नागिरीवाल्याने स्वतः दादाच्या हातावर पेढा ठेवला, पाठीवर थाप मारली. दादाने अर्धा मोडून त्याला परत दिला. त्याने खाल्ला. मी बघत होतो. खरोखर खाल्ला. मला वाटलं, आपण खरंच किडक्या मनाचे आहोत.

मग चुलत बहिणीच्या लग्नाला दादा गावी गेला. त्याच्या मागांवर बदलीवाला आला. बदलीवाला रत्नागिरीवाल्याच्याच भावकीतला होता. मला राहवलं नाही. पाळी बदलायच्या वेळी मी पुन्हा एक कागद हातात घेतला आणि खात्यात शिरलो.

बदलीवाला बाजूला झाला, रत्नागिरीवाला उभा राहिला. कांडी संपली. त्याने धोटा उचलला आणि सरळ तोंडाला लावला. पूर्वीच्याच झपाट्याने. आकडी खिशातसुद्धा नव्हती. मागाच्या चौकटीला एका खिळ्यावर टांगून ठेवली होती.

संशय खरा ठरला म्हणून मला आनंद व्हायला हवा होता. मी हातातला कागद दुमडून परत फिरणार होतो. तेवढ्यात त्याने मान वर केली आणि मला पाहिलं. धागा अजून त्याच्या ओठांवर होता. त्याने तो काढला, बाहीने तोंड पुसलं आणि ओठ हलवले. मी गिरणीत राहून तेवढं वाचायला शिकलो होतो. तो म्हणाला, "दादाला बोलू नको."

दादा गावाहून आला तो हापूसची पेटी घेऊन, उन्हाने रापलेला, खुशीत. मला कोपऱ्यात घेऊन म्हणाला, "गेला होतास ना बघायला? मला माहीत आहे तू जाणार. काय दिसलं?"

"आकडीच वापरतो," मी म्हणालो.

त्याने माझ्या खांद्यावर हात ठेवला. मग हसला. "तुला खोटं लिहिता येतं," म्हणाला, "बोलता येत नाही."

मी म्हटलं, आता तरी तू आकडी घे. निदान स्वतःच्या छातीसाठी. तो म्हणाला, "मी तोंडच लावणार. इतकी वर्षं यासाठीच थांबलो. त्याला आकडी वापरायची तर वापरू दे. माझ्यामुळे त्याची छाती तरी शाबूत राहील." आणि शेवटच्या पाळीपर्यंत त्याने धोट्याला ओठ लावले.

पुष्कळ वर्षांनी दादाला शिवडीच्या इस्पितळात ठेवावं लागलं. छातीने दगा दिला होता. कापसाने की आणखी कशाने ते डॉक्टर ठामपणे सांगेनात. एका दुपारी रत्नागिरीवाला भेटायला आला. म्हातारा झाला होता, पण ताठ. जिना चढून आला तरी धाप लागलेली नव्हती. पिशवीतून कोकमं काढून उशाशी ठेवली आणि खाटेजवळ बसला.

"छाती कशी हाय?" त्याने विचारलं.

"तुझी बरी आहे ना?" दादा म्हणाला आणि हसता हसता खोकत सुटला. "माझ्या कृपेने."

रत्नागिरीवाल्याने मान खाली घातली. मी त्याच्या पाठीमागे खिडकीशी उभा होतो. खोकला थांबल्यावर त्याने मान वर केली. काही ऐकू आलं नाही, पण त्याचा जबडा हलताना मला मागून दिसला. मागांच्या ओळीत बोलतात तसा तो बिनआवाजाचा बोलत होता, आणि बराच वेळ बोलत होता. दादा त्याचे ओठ बघत राहिला. एकदा दादाने 'असू दे' अशी मान हलवली. मग त्या माणसाने दादाच्या पायावरची चादर सारखी केली आणि तो निघून गेला.

"काय म्हणाला?" मी विचारलं.

"पुढच्या खेपेला आंबे आणतो म्हणाला."

"हे सांगायला आवाज का नाही काढला त्याने?"

दादाने भिंतीकडे तोंड केलं. खोटं बोलणं आमच्या घरात कुणालाच जमत नाही.